गांडूळ खताच्या बेडात निघालेलं हे देवगांडूळ आहे का? (ता. वसमत, जि. हिंगोली)

हळदीचं_रान:

नमस्कार. मी वसमत तालुक्यातली, हळदवाली. आमच्या बचत गटाचे गांडूळ खताचे बेड आमच्याच आखाड्यावर आहेत, गोठ्याच्या मागच्या अंगाला, लिंबाच्या सावलीत. परवा खत चाळायला म्हणून वरचं गोणपाट उचललं तर कोपऱ्यात काळपट तपकिरी, चकचकीत, करंगळीपेक्षा बारीक असं काहीतरी वळवळलं. आधी वाटलं गांडूळच. पण गांडूळ असं तरातरा पळत नाही. आमच्या एका वहिनीनं धीर करून चिमटीत धरलं तर बोटाला टोचल्यासारखं झालं, त्यांनी फेकलं टोपल्यात, आणि सगळ्या बाया पार गेटापर्यंत.

आता त्यात भर अशी की माझा लहान भाऊ जिल्हा परिषदेचा शिक्षक आहे. नोकरी लागली ती थेट सिंधुदुर्गात, आंबोलीकडं. मागच्या पावसाळ्यात त्यानं एक व्हिडिओ पाठवलता. करड्या-जांभळट रंगाचं, अंगभर वळ्या, तोंड कुठलं नि शेपूट कुठलं कळेना. खाली लिहिलं होतं, "ताई, हे देवगांडूळ. हे गांडुळं खातं." तो व्हिडिओ मीच हौसेनं गटात दाखवला होता. आता सगळ्या म्हणायल्यात की हे तेच, आणि हे आपला बेड फस्त करणार.

आत्याबाईंचं म्हणणं मांडुळाचं पिल्लू आहे, मारू नका. पारावरचा एक जण म्हणतो मला द्या, गिऱ्हाईक आहे माझ्याकडं. त्याला मी हाकलून दिलंय.

तर हे देवगांडूळ आहे का? आपल्या भागात असतं का? बेडातली गांडुळं खाईल का? विषारी आहे का? दोघी-तिघी बेडात हात घालायला तयार नाहीत, काम अडलंय. फोटो काढलाय पण हललाय. सध्या त्याला माठाच्या खापरात ओली माती घालून झाकून ठेवलंय.

बीडचा_बाप्पा:

सोडून द्या ओ ताई तेला. आमच्याकडं पहिला पाऊस पडला की न्हाणीच्या मोरीतून असली निघतेत. आजी म्हणायची झोपेत कानात जातं. अजून कुणाच्या गेलेलं ऐकलं नाही, पण आम्ही कापूस घालून झोपायचो बरंका.

बरणीवाले_काका:

ताई, आधी निवाडा सांगतो, पाल्हाळ मागून लावतो. तुमच्या खापरात आहे तो वाळा. साप आहे, पण बिनविषारी, आणि तुमच्या गांडुळांना तो तोंड लावत नाही. देवगांडूळ नाही, मांडुळाचं पिल्लूही नाही. ते खापर तेवढं उन्हात ठेवू नका.

फोटो हललेला असून एवढं ठाम कशावरून? तर तुमच्या वहिनीच्या बोटावरून. वाळ्याच्या शेपटीच्या टोकाला बारीकसा काटा असतो. जमिनीत तो रोवून पुढं सरकायच्या कामाचा आहे, पण चिमटीत धरलं की सुटायच्या धडपडीत तो बोटाला टेकवतो. टोचतं, तेवढंच. त्यात विष नाही. देवगांडुळाला असला काटा नसतो. शिवाय तुम्हीच लिहिलंय 'चकचकीत' आणि 'तरातरा'. वाळ्याच्या अंगावर गुळगुळीत खवले असतात, तो कोरडा असूनच चमकतो. देवगांडूळ चमकतं ते अंगाच्या चिकट ओलाव्यानं.

वहिनींची खात्री पटवायची असेल तर जुन्या वर्तमानपत्रावर सोडा. वाळा वळवळत, घसरत जाईल, कागद कोरडाच राहील. देवगांडूळ कागदाला ओला पट्टा पाडतं. शाळेतल्या लेकरांकडं भिंग असेल तर तोंडाकडं बघा. जीभ लवलवताना दिसेल, आणि डोळ्यांच्या जागी खवल्याखाली दोन काळे ठिपके. अंगावर वळ्या मात्र दिसायच्या नाहीत. भावाच्या व्हिडिओत ज्या वळ्या आहेत, त्या देवगांडुळाची पहिली खूण.

आता मी हे कोण सांगणारा. मराठवाड्यातल्याच एका कॉलेजात प्राणिशास्त्राच्या प्रयोगशाळेत परिचर होतो, आता रिटायर आहे. शिकवायचं काम सरांचं, बरण्या पुसायचं माझं. त्या बरण्यांत एक इक्थिओफिस होता, म्हणजे देवगांडूळच. बी.एस्सी.च्या प्रॅक्टिकलला स्पॉटिंगमध्ये तो ठरलेला. पोरं बरणीसमोर उभी राहायची, डोकं खाजवायची, आणि निम्मी 'साप' लिहायची, निम्मी 'गांडूळ'. हुशार पोरं बरोबर नाव लिहायची, पण ती प्राण्याकडं बघून नाही, झाकणाचा टवका उडालेली बरणी ओळखून. सिनियर पोरांनी सांगून ठेवलेलं असायचं, फुटक्या झाकणाची ती इक्थिओफिस. मी एकदा झाकण बदललं तर त्या वर्षी सगळा वर्ग सापात गेला.

फॉर्मॅलिन बदलायला तो बाहेर काढावा लागायचा, तेव्हा जवळून बघायला मिळायचा. फॉर्मॅलिननं रंग उडून पार भुरका झालेला. डोळा बघायचा तर कातडीखाली पुसट डाग. डोळा आणि नाकपुडीच्या मधे मात्र सुईच्या टोकाएवढं एक भोक दिसायचं. जिवंतपणी त्यातून बारीकशी स्पर्शिका बाहेर येते, तिनं तो मातीतला वास आणि चव घेत पुढं जातो. पाय असलेल्या-नसलेल्या दुसऱ्या कुठल्याच मणक्याच्या प्राण्याला हे अवजार नाही. जबडा चिमट्यानं उघडला की आतल्या बाजूला वळलेले दात, त्यामुळं धरलेलं गांडूळ मागं सुटत नाही. आणि सरांनी एकदा सुईनं वळीची फट उकलून दाखवली होती, आत पारदर्शक चिमुकले खवले. बेडकाच्या गोतावळ्यातला प्राणी आणि अंगात खवले! पोरांपेक्षा मीच जास्त वेळ बघत बसलो.

हो, बेडकाच्याच गोतावळ्यातला. उभयचरांची तीन घराणी: बेडूक, शेपटीवाले सॅलॅमँडर आणि हे बिनपायाचे. जगात यांच्या दोनशेच्या वर जाती आहेत, भारतात चाळीसेक. पाय पूर्वी होते. अमेरिकेत ॲरिझोनात जुरासिक काळातला एक जीवाश्म मिळाला, 1993 मध्ये त्याचं वर्णन छापून आलं. इओसिसिलिया नाव. त्याला चार बारके पाय आहेत. पुढं मातीत घुसायच्या कामात पाय आडवे येत गेले आणि गळाले.

घुसतं कसं तेही सांगतो, कारण वाळ्यात आणि त्याच्यात खरा फरक तिथं आहे. देवगांडुळाच्या कवटीची हाडं एकमेकांत सांधून घट्ट झालेली असतात. आणि त्याचा पाठीचा कणा बाहेरच्या कातडी-स्नायूंच्या नळीत काहीसा सुटा सरकू शकतो. बाहेरची नळी आवळली की आतल्या द्रवाचा दाब वाढतो आणि डोकं पुढं रेटलं जातं, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीखाली लावतो त्या हायड्रॉलिक जॅकसारखं. 1997 मध्ये मेक्सिकोच्या एका जातीवर हा जोर मोजला, तर तेवढ्याच जाडीच्या बिळात राहणाऱ्या सापापेक्षा दुप्पट भरला.

एवढा जोर असून तो आपल्याकडं का नाही? कारण जोरापेक्षा त्याला ओल लागते. बऱ्याचशा श्वासाचं काम तो कातडीनं करतो आणि कातडी ओली असेल तरच ते जमतं. आंबोलीत वर्षाला सात हजार मिलिमीटरच्या पुढं पाऊस. आपल्याकडं आठ-नऊशे झाला तर चांगलं वर्ष म्हणतो. आणि आपली काळी माती ताई तुम्हाला मी काय सांगू, चैत्र-वैशाखात हात जाईल एवढ्या भेगा. त्या भेगांतून हवा खेळते, ओल खोल उतरते. वाळ्याला खवल्यांचं कवच आहे, तो मुंग्यांच्या वारुळात, दगडाखाली उन्हाळा काढतो. देवगांडूळ महिनाभर टिकायचं नाही. त्याच्या भारतातल्या नोंदी सह्याद्रीतल्या, पूर्व घाटातल्या आणि ईशान्येतल्या.

आता तुमच्या कामाचं. वाळा काय खातो? मुंग्यांची आणि वाळवीची अंडी, अळ्या, कोष. म्हणजे तो तुमच्या बेडात गांडुळांसाठी आलेला नाही, बेडाखाली किंवा बेडाच्या कडेला मुंग्यांचं घर आहे म्हणून आला. आणि मुंग्या गांडुळांना खरोखर त्रास देतात. तेव्हा वाळ्याच्या मागं लागू नका, गोणपाट काढून बेडाचा तळ आणि पाय तपासा. कडेनं हळदीची पूड टाकतात बऱ्याच ठिकाणी, तुम्हाला तर ती विकत आणायला नको. बेडाचे पाय असतील तर पाण्याच्या वाट्यांत उभे करा.

वाळ्याला परत त्याच कोपऱ्यात सोडा. फुकटचा मजूर आहे.

हळदीचं_रान:

काका, लई उपकार झाले. वर्तमानपत्रावर सोडलं सगळ्यांसमोर. कागद कोरडा ठणठणीत. जीभपण दिसली, शेजारच्या पोरीच्या कंपासमधलं भिंग होतं. वहिनी म्हणायल्यात मी आधीच म्हणले होते साप आहे. त्या काहीच म्हणल्या नव्हत्या.

पण एकच होतं, जोडी असेल ना? नर-मादी दोन्ही असतील तर बेडात पिल्लं होतील ही आमच्या गटातली नवी काळजी.

बरणीवाले_काका:

जोडी नसते ताई. तुमच्याकडं निघालेला एवढा बारका वाळा बहुतेक इंडोटायफ्लॉप्स ब्रॅमिनस, आणि त्यात नर नसतातच. सगळ्या माद्या. नराशिवायच अंडी घालतात, त्यातून पुन्हा माद्याच निघतात. म्हणून तर कुंड्यांच्या मातीतून हा साप जगभर पसरला, एकटी मादी पोचली तरी वंश सुरू. पिल्लं झाली तर होऊ द्या, ती दोऱ्याएवढी असतात आणि त्यांनाही मुंग्यांचीच अंडी लागतात. माणसाची कातडी फोडेल एवढं तोंडच नाही त्यांना.

फूटभर, दीड फुटाचा जाड वाळा कधी नांगराला लागला तर तो वेगळा, चंचुवाळा, चोचीसारखं तोंड असलेला. तोही बिनविषारी.

आणि त्या पारावरच्या गिऱ्हाईकवाल्याचं. चांगलं केलंत. मांडूळ असो, काहीही असो, पकडणं-विकणं वन्यजीव कायद्यात गुन्हा आहे, आणि मांडुळानं पैशाचा पाऊस पडत असता तर विकणारा कशाला विकला असता?

आंबोलीकडचा_गुरुजी:

ताई, मीच तो भाऊ. माझ्या व्हिडिओवरून एवढा गोंधळ झाला हे मला आज कळतंय, फोन तरी करायचा.

काका, तुमचं वाचून मजा आली. व्हिडिओतलं ते शाळेच्या मागं जांभ्याचा दगड हलवताना निघालं होतं. दोन दिवस सलग पाऊस, दगडाखाली पालापाचोळा कुजून काळा झालेला. पोरांनी बोलावलं. हात लावला तर इतकं बुळबुळीत की काठीवर घेतलं तरी घसरायला लागलं. आणि ते पुढं जितक्या सहज जातं तितक्याच सहज मागं जातं, त्यामुळं तोंड ओळखण्यात आमची पैज लागली होती. शेवटी मातीत ज्या बाजूनं घुसलं ते तोंड धरलं. इथले काही पालक म्हणतात चावलं तर माणूस दगावतो. पोरांना काय सांगू?

बरणीवाले_काका:

गुरुजी, पोरांना सांगा की माणूस दगावत नाही. पण गोष्ट पूर्ण सांगायची तर 2020 मध्ये ब्राझीलच्या बुटांटान संस्थेतल्या संशोधकांना तिकडच्या एका जातीच्या दातांच्या मुळाशी ग्रंथी सापडल्या, आणि त्यातल्या स्रावात सापाच्या विषात असतं तसलं एक एन्झाइम निघालं. गांडूळ-किडे गार करायला असेल. अंगाच्या चिकट्यातही विषारी द्रव्यं असतात, ती साप-पक्ष्यांनी खाऊ नये म्हणून. तेव्हा हात लावल्यावर हात धुवायचे, डोळे चोळायचे नाहीत. त्याहून महत्त्वाचं, त्याला हात लावायचाच कशाला.

तुम्ही सोन्याच्या जागी बसलाय. गेगेनोफिस डॅनिएली ही देवगांडुळाची जात 2003 मध्ये जगाला कळली ती आंबोलीवरून. त्याच वर्षी गेगेनोफिस शेषाचारी कळली, रत्नागिरी जिल्ह्यातल्या डोर्ले गावावरून. 2004 मध्ये कोयनेच्या बाजूला हुंबर्लीतून इंडोटायफ्लसची (हाही देवगांडुळाचाच वंश, वाळा नव्हे) दुसरी जात, तिच्या नावातच महाराष्ट्र आहे. पहिली खंडाळ्याची, ती 1960 मध्ये टेलर नावाच्या अमेरिकन माणसानं नोंदवली. इक्थिओफिस बॉम्बेएन्सिसही त्याच वर्षी त्यानंच. त्यानंतर बरीच वर्षं आपल्याकडच्या सह्याद्रीत फारसं कुणी गुडघे टेकून माती उकरली नाही, नंतर वरद गिरी आणि त्यांच्यासारख्या संशोधकांनी उकरली आणि भराभर मिळत गेली.

त्यातली ती शेषाचारी माझी लाडकी. 2008 मध्ये कळलं की ती अंडी घालत नाही, पिल्लं देते. आशियात पिल्लं देणारा उभयचर तोवर कुणाला माहीतच नव्हता. सापडला कुठं, तर आपल्याच कोकणात.

इक्थिओफिसची तऱ्हा वेगळी. मादी पाण्याजवळ ओल्या बिळात अंडी घालते आणि त्यांच्याभोवती वेटोळं घालून बसते. अंड्यातून निघालेली पिल्लं ओढ्यात उतरतात, तिथं वाढतात, मग पुन्हा मातीत. म्हणजे याला ओली माती पाहिजे आणि जवळ वाहतं पाणीही. ताईंच्या बेडात ओलावा भरपूर, पण ओढा कुठाय?

आणि केनियातली एक जात तर पोरांना स्वतःची कातडी खाऊ घालते. 2006 मध्ये उघडकीला आलं. पिल्लं असतात तेव्हा आईची वरची कातडी जाड होते, चरबीनं भरते, पिल्लं ती खास दातांनी सोलून खातात, पुन्हा नवी येते. बुटांटानवाल्यांनीच 2024 मध्ये आणखी एक दाखवलं: त्यांच्याकडची आई शेपटीकडून दुधासारखा चरबीदार द्रव देते आणि पिल्लं आवाज करून तो मागतात. मी कॉलेजात असताना हे कळलं असतं तर बरणीवर एक चिठ्ठी चिकटवली असती. पोरांनी मग झाकणावरून ओळखली नसती.

किनवटचा_सागवान:

काका, विषय निघालाच आहे तर. किनवट-माहूरकडं जंगल आहे, पाऊसही वसमतपेक्षा बरा. तिथं का नसेल? की कुणी बघितलंच नाही?

बरणीवाले_काका:

प्रश्न बरोबर आहे. तुमचं जंगल सागाचं, पानगळीचं. फेब्रुवारीपासून पान गळतं, जमीन उघडी पडते, मे महिन्यात नाले कोरडे. देवगांडुळाला वर्षभर जमिनीत कुठंतरी ओल लागते, ती तिथं अवघड. पण कुणी शोधलं तर मी हसणार नाही. पूर्व घाटात गेगेनोफिसची जात 2013 मध्येच नोंदवली गेली, तोवर तो वंश तिकडं कुणाला माहीत नव्हता. ईशान्येत तर 2012 मध्ये उभयचरांचे अभ्यासक बिजू आणि त्यांच्या चमूनं नवं कुळच जाहीर केलं, चिकिलिडी, ज्याचे जवळचे नातेवाईक आफ्रिकेत आहेत. तिथले शेतकरी त्याला विषारी साप समजून कुदळीनं तोडत होते. शोधायचं तर श्रावणात, ओढ्याच्या अगदी काठाला, कुजका पाला आणि दगडाखाली. दगड उचलला तर परत तसाच ठेवायचा.

आंबोलीकडचा_गुरुजी:

काका, तुमच्या त्या कॉलेजसाठी एखादं जिवंत आणू का दिवाळीला येताना? बरणीतल्यापेक्षा पोरांना खरं बघू द्या.

बरणीवाले_काका:

अजिबात नको. पहिलं म्हणजे वन खात्याच्या परवानगीशिवाय चालत नाही. दुसरं, एसटीत सोलापूर-लातूर करत वसमतला पोचेपर्यंत ते डब्यात सुकून मरेल, ओली माती घातली तरी उष्णतेनं मरेल. तुम्ही व्हिडिओच काढा, पण बरा काढा: डोकं जवळून, डोळा आणि नाकपुडीच्या मधलं ते भोक दिसलं पाहिजे, आणि शेपटाकडचं टोक खालच्या बाजूनं. दोन्ही दिसलं की वंश ओळखता येतो. इक्थिओफिसला बारकं शेपूट असतं, गेगेनोफिसला नसतंच. शेजारी एक पट्टी ठेवा मापाला. आणि पावसाळ्यात रात्री मोटारसायकलवर घाटातून येत असाल तर रस्त्यावर काळी दोरी दिसली की हळू घ्या, पहिल्या मोठ्या पावसात ती रस्त्यावर येतात आणि चाकाखाली जातात.

हळदीचं_रान:

बेडाचा तळ बघितला काका. पूर्वेकडच्या कोपऱ्यात, जिथं पाणी झिरपतं तिथं, लाल मुंग्यांचं हे एवढं घर. अंड्यांसकट. हळद टाकली, वाट्या उद्या आणते. वाळ्याला तिथंच सोडलंय, वहिनींनीच सोडलं, टोपलं उपडं करून, लांबूनच.